माझ्याच फ्रेमचा रेफरन्स

उतरतं_ऊन (धागाकर्ती)

बरीच वर्षं इथे वाचनमात्र आहे, आज लिहायला बसले कारण घरी सांगून उपयोग नाही, घरच्यांना अजूनही वाटतं मी शूटिंगला जाते म्हणजे कुणाच्या तरी मागे रिफ्लेक्टर धरून उभी असते.

मी डीओपी आहे, म्हणजे सिनेमाचं छायालेखन करते. स्टुडिओचा पैसा नसलेले, ग्रँटमधून, दोस्तांच्या खिशातून, कुणाच्या तरी विकलेल्या गाडीतून होतात तसले सिनेमे. बारा वर्षं झाली, त्याआधी चार वर्षं असिस्टंट, सुरुवातीला क्लॅप आणि लेन्सच्या पेट्या, मग फोकस. फीचर पाच. त्यातल्या दोन एकाच दिग्दर्शकाच्या, त्याच्या पहिल्या दोन. दुसरीत एक शॉट आहे आणि हे सगळं रामायण त्या शॉटवरून आहे.

बाथरूम. खरीखुरी, सेट नाही, चार बाय सहा फूट. बाई आरशासमोर उभी राहून स्वतःचे केस कापते, कट नाही, साडेतीन मिनिटं. आत नटी, मी आणि माझी फोकस पुलर (शॉट चालू असताना लेन्सचा फोकस सांभाळणारी), ती कमोडच्या झाकणावर उकिडवी बसलेली, मॉनिटर मांडीवर. लाइट आत नेला असता तर आरशात दिसला असता. एकच खिडकी, पश्चिमेची, ऊन थेट आत येऊन टाइल्सवर फुटत होतं. त्याच घरातल्या पलंगावरची चादर ओढली आणि बाहेरून खिडकीवर ताणली, चार क्लॅम्प, झालं. ३५ ची लेन्स, टी ४ वर सुरुवात केली (आकडा लहान तितकं लेन्सचं तोंड, म्हणजे आयरिस, मोठं), ऊन भराभर उतरायला लागलं म्हणून शॉट चालू असतानाच आयरिस हळूहळू उघडत गेले, शेवटी टी २ च्या जरा अलीकडे. म्हणजे फोकस दर मिनिटाला पातळ होतोय आणि माझी पोरगी श्वास रोखून नाकाच्या शेंड्यापासून पापणीपर्यंतचं अंतर सांभाळतेय. तीन टेक मिळाले. तिसऱ्यात शेवटी चेहऱ्याची एक बाजू जवळजवळ विझते, ते काही माझं कर्तृत्व नाही, ढग आला.

तो सिनेमा फेस्टिवलांना बरा फिरला, त्या फ्रेमचंच पोस्टर झालं. आता दिग्दर्शकाला तिसरा सिनेमा मिळालाय, मोठा, नट मोठा, बजेट आमच्या दोन्ही सिनेमांच्या कितीतरी पट. आणि डीओपी दुसरा. निर्मात्यांचं म्हणणं, "एवढ्या साइझचं तिने काही केलेलं नाही." दिग्दर्शकाने स्वतः फोन केला, तोच इतका रडवेला झाला होता की शेवटी मीच त्याची समजूत काढली, हे एक आमचं जास्तीचं खातं.

गेल्या आठवड्यात त्या नव्या डीओपीचा फोन. सभ्य माणूस, माझ्यापेक्षा सीनियर. म्हणे दिग्दर्शकाने सिनेमा कसा दिसावा याच्या चित्रांचा जो डेक पाठवलाय त्यात पान ११ वर तुमची फ्रेम आहे, खाली लिहिलंय "असं हवं", तर हे नेमकं कसं केलंत?

मी सगळं सांगितलं. लेन्स, स्टॉप, किती वाजता, खिडकी कुठल्या दिशेची. वीस मिनिटं बोललो, हसलो पण. फोन ठेवला आणि मग जे काही पोटात आलं ते अजून गेलेलं नाही.

सांगायला नको होतं का?

---

खिडकीतला_कावळा

आईशप्पथ. तुमच्याच फ्रेमखाली "असं हवं" आणि तुम्ही नको. याच्यावरच सिनेमा निघेल.

मी असतो तर फोनच उचलला नसता पण मी या धंद्यात नाही त्यामुळे माझं मत धरू नका. वाचतोय.

---

अठरा_के

गॅफर आहे, म्हणजे सेटवरच्या लाइटवाल्यांचा मुख्य, पंचवीसेक वर्षं. आधी प्रश्नाचं उत्तर. सांगितलंत ते बरोबर केलंत. आम्ही लागलो तेव्हा जुने उस्ताद उजेडाचं मीटर वाचून झालं की आकडा अंगठ्याने झाकायचे, असिस्टंटने बघू नये म्हणून. त्यांच्यातल्या कितीकांची नावं आज कुणाला आठवतात. तुम्ही खिडकीची दिशा सांगितलीत, ढग कुठून देणार?

दुसरं. मी आजवर चार बायकांबरोबर डीओपी म्हणून काम केलंय आणि प्रत्येक वेळी प्रॉडक्शनमधल्या कुणीतरी मला बाजूला घेऊन विचारलंय, कॅमेरा झेपेल ना त्यांना? अरे बाबा अलेक्सा मिनी कॅमेऱ्याची नुसती बॉडी सव्वादोन किलोच्या आसपास, तुमच्या लॅपटॉपच्या बॅगेएवढी. मान्य, लेन्स, मॅट बॉक्स, बॅटरी, फॉलो फोकस लावलं की दहा-बारा किलोवर जातो, पण तो खांद्यावर ठेवायला आणि काढायला असिस्टंट असतोच. आणि मी साठीतले, गुडघे गेलेले पुरुष डीओपी खुर्चीत बसून अख्खा सिनेमा करताना पाहिलेत, त्यांना कुणी विचारलं नाही झेपेल का. डीओपीचं काम बघायचं, उचलायचं नाही.

सेटवर काय म्हणतात तुम्हाला? आमच्याकडे "कॅमेरामन मॅडम" चालतं.

---

उतरतं_ऊन

@अठरा_के दादा, "कॅमेरामन मॅडम"च. एकदा कॉल शीटवर माझ्या नावापुढे "सर" छापलं होतं, सगळ्यांना सवयीने लागतं तसं. मी कापून ठेवलंय ते.

---

सुस्पष्ट

सहानुभूती आहे पण स्पष्ट बोलतो. यात बाई-पुरुष कुठे आलं? छोट्या सिनेमातून मोठ्यात जाताना दिग्दर्शकाची जुनी टीम गळतेच, पुरुष डीओपी पण गळतात, एडिटर गळतात, संगीतकार गळतात. निर्मात्याचा पैसा आहे, तो अनुभव बघणार. काम चांगलं असेल तर पुढेमागे मिळेलच. उगाच प्रत्येक गोष्टीला तो रंग देऊ नये असं वैयक्तिक मत.

---

अर्धा_स्टॉप

@सुस्पष्ट, धागाकर्तीने अख्ख्या पोस्टमध्ये "बाई म्हणून" हा शब्द एकदाही लिहिलेला नाहीये, तुम्हीच काढलात.

पण काढलाच आहे तर. मी फोकस पुलर, सहा वर्षं. मागच्या कामाच्या मुलाखतीत मला विचारलेले प्रश्न: रात्रीचं शूट जमेल ना, घरचे ओके आहेत ना, लग्नाचं काही चाललंय का. माझ्या आधी जो मुलगा आत गेला होता त्याला विचारलं, कुठली वायरलेस सिस्टीम वापरतोस. बास एवढंच.

---

रीळ_नंबर_दोन

दंगा करू नका, माझ्याकडे आकडे आहेत :)

सॅन डिएगो स्टेट युनिव्हर्सिटीत एक अभ्यास दरवर्षी होतो, अमेरिकेत सगळ्यात जास्त कमावणाऱ्या २५० सिनेमांत पडद्यामागे बायका किती. १९९८ साली सिनेमॅटोग्राफरमध्ये ४ टक्के. २०१८ साली ४ टक्के. मध्ये वीस वर्षं गेली, फिल्म जाऊन डिजिटल आलं, कॅमेरे हलके झाले, आकडा जागेवर. म्हणजे वजनाचं कारण तर बादच झालं की. नंतर जरा वाढलाय पण फटाके फोडावेत असं काही नाही.

ऑस्करचं बघा, पुरस्कार १९२९ पासून, छायालेखनासाठी पहिल्या बाईचं नॉमिनेशन २०१८ मध्ये, रेचल मॉरिसन, 'मडबाउंड'. मग २०२२ ला ॲरी वेग्नर, २०२३ ला मँडी वॉकर. अमेरिकन सिनेमॅटोग्राफर्सची जी सोसायटी आहे, एएससी, ती १९१९ ची, पहिली बाई सभासद ब्रिॲन मर्फी, १९८०. 

आपल्याकडे बी. आर. विजयालक्ष्मी, 'चिन्न वीडु', १९८५, तमिळ. आशियातली पहिली असं म्हणतात. २००२ ला 'मित्र माय फ्रेंड', त्याची डीओपी फौजिया फातिमा आणि जवळजवळ सगळं युनिट बायकांचं. छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार पहिल्यांदा बाईला मिळाला तो अंजुली शुक्लाला, मल्याळम 'कुट्टी स्रांक'. २०१७ मध्ये या बायकांनी मिळून आपली संघटना काढली, इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्ह, "आम्हाला बायका डीओपी सापडतच नाहीत" या वाक्यावरचं औषध म्हणून यादीच तयार.

---

सुस्पष्ट

आकडे कमी आहेत कारण मुळात या क्षेत्रात येणाऱ्या मुली कमी. फिल्म स्कूलच्या कॅमेरा विभागात किती मुली असतात? आणि माझा मुद्दा अनुभवाचा होता, तो तसाच आहे.

---

हिशोबी

लाइन प्रोड्युसर, म्हणजे शूटिंगचा रोजचा खर्च आणि वेळापत्रक सांभाळणारा. मला शिव्या पडणार हे माहीत आहे तरी आतली गोष्ट सांगतो.

"एवढ्या साइझचं केलेलं नाही" हे वाक्य बऱ्याचदा निर्मात्याचं नसतंच. बाहेरचा पैसा आला की कम्प्लिशन बाँडवाले येतात, सिनेमा ठरल्या दिवसात आणि ठरल्या पैशात पूर्ण होईल याची हमी देणारी कंपनी. ते दिग्दर्शकाचा सीव्ही बघतात, लाइन प्रोड्युसरचा बघतात आणि डीओपीचा बघतात. कारण कॅमेरा, लाइट, ग्रिप ही तीन खाती डीओपीच्या शब्दावर चालतात, डीओपी लाइट करायला तास जास्त घेतो म्हणजे शंभर माणसं तासभर चहा पितात. दिग्दर्शक नवखा असेल तर ते म्हणतात निदान डीओपी तरी जुना द्या. त्यामुळे दिग्दर्शकाच्या पहिल्या मोठ्या सिनेमात त्याचा जुना डीओपी बळी जातो. @सुस्पष्ट म्हणतात ते इथपर्यंत बरोबर आहे.

गंमत पुढे आहे. आमच्या छोट्या सिनेमात दिवसाला पटकथेची सहा-सात पानं उडवावी लागतात, मोठ्यात दोन-तीन. म्हणजे एक खिडकी आणि एक चादर घेऊन दिवसाला सहा पानं काढणारी बाई "रिस्क", आणि चार ट्रक लाइट घेऊन दोन पानं काढणारा "सेफ". हा हिशोब मला आजवर कुणी समजावून सांगू शकलेलं नाही आणि मी स्वतः तो दहा वेळा पुढे पाठवलाय, सही करून.

आणि हेही लिहितो कारण नाव लपलेलं आहे. पुरुष डीओपी असेल तर एखादी चकचकीत ॲड, एखादं म्युझिक व्हिडिओ, एवढ्यावर आम्ही म्हणतो "पोटेन्शियल आहे, देऊ". बाई असेल तर तेवढ्याच मापाचा अख्खा सिनेमा आधी केलेला दाखव म्हणतो. तो तिला द्यायचा कुणी?

---

खिडकीतला_कावळा

@हिशोबी, दंडवत. सही करून हे आवडलं, म्हणजे आवडलं नाही, समजून घ्या.

---

रीळ_नंबर_दोन

हिशोबीरावांच्या नियमाला एक अपवाद देतो, दिग्दर्शकच अपवाद आहे.

रायन कूगलर. पहिली फीचर 'फ्रूटवेल स्टेशन', २०१३, अगदी छोटी, सुपर १६ या छोट्या मापाच्या फिल्मवर, डीओपी रेचल मॉरिसन. दुसरी 'क्रीड', २०१५, स्टुडिओची, डीओपी मरीज अल्बर्टी. तिसरी 'ब्लॅक पँथर', मार्व्हल, याच्याहून मोठं काय असतं, परत मॉरिसन. चौथी 'वाकांडा फॉरेव्हर', डीओपी ऑटम डुराल्ड अर्कापॉ. पाचवी 'सिनर्स', २०२५, परत अर्कापॉ, आणि त्यासाठी ती आयमॅक्सच्या मोठ्या फिल्मवर फीचर शूट करणारी पहिली स्त्री डीओपी ठरली. पाचपैकी पाच. तिथेही बाँडवाले, विमावाले, स्टुडिओवाले सगळे असणारच ना?

आणि अल्बर्टीबाईंचा प्रवास तर या धाग्यासाठीच आहे. नव्वदच्या दशकात माहितीपट आणि अगदी छोटे सिनेमे. 'क्रंब' नावाचा माहितीपट, 'हॅपिनेस', 'वेल्वेट गोल्डमाइन'. २००८ ला 'द रेसलर', हातात कॅमेरा घेऊन हिरोच्या पाठीमागे पाठीमागे चालत केलेला. आणि मग 'क्रीड', त्यातली पहिली मोठी मॅच अख्खी एका शॉटमध्ये आहे, कॅमेरा रिंगच्या आत दोघांच्या भोवती फिरतो, कट नाही. ज्या बाईने आयुष्यभर अरुंद खोल्यांतून माणसांमागे कॅमेरा फिरवला तिच्याकडेच तो शॉट जायला हवा होता असं आपलं मला वाटतं.

---

उतरतं_ऊन

@रीळ_नंबर_दोन, तुमची कूगलरची यादी वाचून कॉम्प्युटर बंद केला, दोन दिवसांनी आलेय.

मी बाँडवाल्यांना दोष देत होते, निर्मात्यांना देत होते, ते सोपं होतं. माझा दिग्दर्शक अडून बसला नाही एवढंच आहे खरं तर. एकदाही. "मी प्रयत्न केला" म्हणाला, मी विचारलं काय केलास, तर म्हणाला मीटिंगमध्ये तुझं नाव पहिलं घेतलं. पहिलं घेतलं आणि मग सोडून दिलं. हिरो त्याच्या पसंतीचा नव्हता तेव्हा तो तीन आठवडे अडून बसला होता, हे मला माहितीये, मीच तेव्हा त्याला धीर देत होते.

बाकी @सुस्पष्ट, आमच्या बॅचला कॅमेरा विभागात दहा जणांत चार मुली होतो. आज डीओपी म्हणून मी एकटी. एक कलरिस्ट झाली, उत्तम आहे, एक शिकवते, आणि एक मूल झाल्यावर दोन वर्षं थांबली ती थांबलीच. कुणी काढलं नाही तिला. फोन यायचे बंद झाले. आमच्यात कामावरून काढण्याची पद्धतच नाही, फोन येत नाही एवढंच.

---

डॉक्युवाली

इतका वेळ गप्प वाचत होते. मी माहितीपट शूट करते आणि मला वाटतं तुम्ही सगळे जिना एकच धरून बसलायत, छोटा सिनेमा मग मोठा सिनेमा मग त्याहून मोठा. तो एकच जिना आहे का?

एलन कुरास घ्या. सनडान्स फेस्टिवलला छायालेखनाचा पुरस्कार तीन वेळा, 'स्वून' १९९२ मध्ये, मग 'अँजेला', मग 'पर्सनल व्हेलॉसिटी' २००२ ला, आणि हा तिसरा साध्या डिजिटल व्हिडिओवर शूट केलेला, जेव्हा बाकीचे डीओपी व्हिडिओ म्हटलं की नाक मुरडायचे. नंतर 'इटर्नल सनशाइन'. पण हे सगळं चालू असताना बाजूला ती लाओसमधून आलेल्या एका निर्वासित कुटुंबावर स्वतःचा माहितीपट करत होती, वीसहून जास्त वर्षं, तो २००८ ला बाहेर आला. त्याचं ऑस्कर नॉमिनेशन झालं. वीस वर्षं एक फिल्म मांडीवर घेऊन बसायला वेगळीच हाडं लागतात.

आणि कर्स्टन जॉन्सनचा 'कॅमेरापर्सन', २०१६. दुसऱ्यांच्या माहितीपटांसाठी जवळजवळ पंचवीस वर्षं जे शूट केलं, त्यातले वापरलेले न वापरलेले तुकडे जोडून स्वतःची फिल्म. सुरुवातीलाच एक शॉट आहे, मोकळा रस्ता, आभाळ भरून आलंय, वीज पडते, कॅमेऱ्यामागे ती दचकून हं करते आणि मग तिला शिंक येते, दोनदा, अख्खी फ्रेम हलते. बाकी कुणीही एडिटर तो तुकडा फेकून देईल. तिने ठेवलाय. तेव्हा कळतं की फ्रेमच्या मागे एक शरीर असतं. तुमच्या बाथरूमच्या शॉटबद्दल वाचताना मला तीच आठवली, कमोडवर उकिडवी बसलेली ती पोरगी धरून.

---

अर्धा_स्टॉप

ती पोरगी मी नव्हे, पण अशाच एका शॉटमध्ये मी कपाटात बसले होते, हँगर पाठीत.

@डॉक्युवाली, पटलं पण एक विचारू का, रागावू नका. बायका माहितीपटात जास्त आहेत ते त्यांना आवडतं म्हणून का तिथे पैसा कमी म्हणून दार उघडं असतं म्हणून?

---

डॉक्युवाली

दोन्ही. आणि मला त्या प्रश्नाचा आता कंटाळा आलाय, तो मला वीस वर्षं विचारतायत, माहितीपट करणाऱ्या पुरुषांना कुणी विचारत नाही.

---

उतरतं_ऊन

अपडेट आहे. आणि ही पहिल्यापेक्षा वाईट अडचण.

नव्या डीओपीचा परत फोन. त्यांनी स्टुडिओत बाथरूमचा सेट लावला, तीन भिंती, चौथी उघडते, खिडकीबाहेर १८ के एचएमआय (उन्हासारखा मोठा लाइट), पुढे बारा फुटी सिल्क (उजेड मऊ करणारं कापड), सगळं मी सांगितल्याप्रमाणे. टेस्ट शूट केलं, दिग्दर्शक म्हणतो "नाही, हे ते नाही". म्हणे चेहरा हॉस्पिटलमधला दिसतोय. मला विचारलं, तुम्ही सेकंड युनिटला, म्हणजे मुख्य टीमपासून वेगळं शूट करणाऱ्या टीमला, याल का? लोकेशनचा सगळा भाग, अकरा दिवस, आणि त्यातली दोन बाथरूमची खरीखुरी, कारण दिग्दर्शकाला आता सेट नकोय.

म्हणजे जो शॉट माझा होता तो मी परत करायचा, दुसऱ्याच्या नावाखाली. सांगा आता.

---

खिडकीतला_कावळा

नको! अजिबात नको! स्वाभिमान नावाची काही चीज आहे का नाही.

---

हिशोबी

घ्या. डोळे झाकून घ्या, पण कागद उघड्या डोळ्यांनी वाचून.

पुढच्या वेळी "एवढ्या साइझचं केलंय का" विचारलं की उत्तर देता येईल, मग ते सेकंड युनिट का असेना. बाँडवाले सिनेमाचं नाव आणि तुमचं पद वाचतात, मनातला सल वाचत नाहीत. पण क्रेडिट "सेकंड युनिट डिरेक्टर ऑफ फोटोग्राफी" असंच, आणि करारात. "ॲडिशनल कॅमेरा" म्हणाले तर उठून या, त्याचा अर्थ काहीही होतो, ड्रोनवाल्यालाही तेच देतात. तुमची माणसं तुमची, निदान फोकस पुलर. आणि ग्रेडिंगला (शूटनंतर रंग ठरवतात तेव्हा) तुमच्या शॉट्सपुरतं तुम्हाला बसू द्यावं हे मागून बघा, देणार नाहीत बहुतेक, पण मागा.

---

बूम_खाली

साउंडवाला आहे, आम्हाला कुणी काही विचारत नाही त्यामुळे सगळं ऐकू येतं.

एक अट माझ्याकडून. पॅकअप ते पुढचा कॉल यात दहा तास पाहिजेत म्हणावं, लिहून घ्या. सेकंड युनिट म्हणजे सावत्र पोर, दिवसभर फर्स्ट युनिटचं उरलेलं गोळा करायचं आणि रात्री गाडी चालवत परत. छोट्या सिनेमातली माणसं कमी झोपेचं कौतुक करतात, "आम्ही वीस तास केले". मीही केलंय. हलिना हचिन्सनंतर बंद केलं. २१ ऑक्टोबर २०२१, न्यू मेक्सिको, कमी बजेटचा वेस्टर्न, ती डीओपी, शॉटची तयारी चालू असताना नटाच्या हातातल्या बंदुकीतून खरी गोळी सुटली. ४२ वर्षांची होती. त्याच दिवशी सकाळी तिच्या कॅमेरा टीममधले बरेचसे लोक काम सोडून निघून गेले होते, तक्रारी होत्या त्यात लांबच लांब दिवस, राहायची सोय लांब, आणि सेटवरची सुरक्षा. तीही त्यांच्याच बाजूने बोलत होती म्हणतात, पण सिनेमा तिचा होता, ती थांबली. ते डोक्यातून जात नाही. छोट्या सिनेमात डीओपी निघून जाऊ शकत नाही, विशेषतः जिला इथपर्यंत यायला इतकी वर्षं लागली तिने तर नाहीच.

वातावरण जड केल्याबद्दल सॉरी. पण दहा तास लिहून घ्या.

---

सुस्पष्ट

मी वाद घालायला आलो होतो पण ते राहू दे. हिशोबींचा म्युझिक व्हिडिओवाला मुद्दा माझ्या डोक्यात नव्हता. आमच्या ऑफिसातही (क्षेत्र वेगळं) प्रमोशनला असंच होतं हे आत्ता लक्षात येतंय. अनुभवाचा मुद्दा मी सोडलेला नाही, पण अनुभव द्यायचा कुणी, याचं उत्तर माझ्याकडे नाही.

तांत्रिक शंका, अडाणी समजून सांगा. एवढा मोठा लाइट, मोठं कापड, सगळं तेच केलं तर चेहरा वेगळा का दिसला?

---

अठरा_के

@सुस्पष्ट, मी अंदाज सांगतो. एचएमआय दुपारच्या उन्हासारखा थंड, उतरतं ऊन त्यापेक्षा पिवळं. ते काय, लाइटपुढे रंगीत जेल लावून जुळवता येतं, पाव सीटीएस (उजेड पिवळट करणारं जेल) टाकला की काम होतं. पण मला वाटतं भानगड कापडाची आहे. नवं सिल्क पांढरंफेक. ताई, ती चादर कसली होती?

---

उतरतं_ऊन

दादा, पकडलंत.

जुनी सुती चादर. पांढरी होती कधीतरी. वापरून वापरून पिवळट झालेली, मधोमध विरलेली. आणि विरलेल्या जागेतून ऊन जरा जास्त आत येत होतं, ते नेमकं तिच्या गालावर, कडेला जाता जाता मऊ. सिल्क सगळीकडे सारखं असतं, म्हणून हॉस्पिटल. मी फोनवर "चादर" एवढंच म्हणाले होते, मुद्दाम नाही लपवलं, खरंच माझ्या डोक्यात ती नुसती चादर होती. तुम्ही विचारल्यावर आत्ता कळतंय की शॉट तिच्यात होता.

---

खिडकीतला_कावळा

आता तर अजिबात सांगू नका त्यांना!!

---

उतरतं_ऊन

सांगितलं :) आज दुपारी. ते बराच वेळ गप्प होते, मग म्हणाले, हे मी बजेटमध्ये कुठल्या रकान्यात टाकू.

हो म्हटलंय. क्रेडिट हिशोबींनी सांगितलं तसंच, करारात आलंय. फोकस पुलर माझीच. दहा तासांचं नऊवर आलं, त्याच्या खाली मी आले नाही. ग्रेडिंगला नाही म्हणाले, अपेक्षेप्रमाणे. दिग्दर्शकाचा मेसेज आला, "फार आनंद झाला", त्याला अजून उत्तर दिलेलं नाही, देईन, काय द्यायचं ते सुचलं की. तो पुढे मला परत बोलवेल का हे आता मला पूर्वीइतकं महत्त्वाचं वाटत नाहीये, का वाटतंय, माहीत नाही, सध्या अकरा दिवसांची शॉट लिस्ट करतेय आणि त्यात बरं वाटतंय.

@डॉक्युवाली, तुम्हाला व्यनि (खाजगी निरोप) केलाय, एक विषय बरीच वर्षं डोक्यात आहे, माहितीपटाचा.

---

अर्धा_स्टॉप

ताई, चादर आहे का अजून??

---

उतरतं_ऊन

आहे. त्या घरच्या काकूंनी तेव्हाच देऊन टाकली होती, म्हणाल्या आता हिचं काय करायचं. लेन्सच्या पेटीत खाली घडी करून असते, फिल्टर खडखडू नयेत म्हणून. परवा सकाळी साडेपाचचा कॉल आहे, घरात सगळ्यांना बजावून ठेवलंय की ती कुणी धुवायला टाकायची नाही.